संगणकाच्या सुरुवातीचे नियम कोण सांभाळते?

विंडोज असलेला संगणक वापरणाऱ्याला दोन प्रकारचे इशारे केव्हा ना केव्हा पाहावे लागतात. पहिल्या प्रकारात पडद्यावर एक लहान चौकट येते आणि अमुक नावाची डीएलएल फाइल सापडत नसल्यामुळे प्रोग्रॅम सुरू करता येत नाही, असे सांगते. दुसऱ्या प्रकारात विंडोजचे बोधचिन्ह दिसण्यापूर्वीच पडदा निळा किंवा काळा होतो आणि ‘बूट कॉन्फिगरेशन डेटा’ गहाळ आहे किंवा त्यात चूक आहे, असा मजकूर झळकतो. दोन्ही वेळी सामान्य वापरणाऱ्याचे प्रश्न सारखेच असतात: ही फाइल कसली, तिचे काम काय, आणि ती दुसरीकडून आणून ठेवली तर संगणक पूर्ववत चालेल का?

या प्रश्नांचा गुंता वाढवणाऱ्या काही फायली विंडोजच्या ‘सिस्टम३२’ या फोल्डरमध्ये असतात. बीसीडी.डीएलएल, बीसीडीप्रोव्ह.डीएलएल आणि बीसीडीएसआरव्ही.डीएलएल ही त्यांची नावे असून त्या एकाच वेळी डीएलएलही आहेत आणि संगणकाच्या सुरुवातीच्या मांडणीशी निगडितही आहेत. त्यांचे कार्य समजण्यासाठी तीन गोष्टी एकमेकींपासून वेगळ्या ओळखाव्या लागतात: सुरुवातीचे नियम जिथे लिहून ठेवलेले असतात ते भांडार, संगणक सुरू होताना ते नियम वाचणारा प्रोग्रॅम, आणि संगणक सुरू झाल्यानंतर त्या नियमांत बदल करू देणारा डीएलएल संग्रह. बिघाडाच्या वेळी होणारे बहुतेक गैरसमज या तीन गोष्टी एकच मानल्यामुळे होतात.

१. डीएलएल म्हणजे काय?

प्रोग्रॅम म्हणजे प्रोसेसरने क्रमाने पाळायच्या सूचनांची यादी. त्यांपैकी पुष्कळशा सूचना सगळ्याच प्रोग्रॅमना लागतात. फाइल उघडणे, पडद्यावर चौकट काढणे, माउसची टिचकी ओळखणे किंवा मजकूर प्रिंटरकडे पाठवणे ही कामे हिशेबाच्या प्रोग्रॅमलाही करावी लागतात आणि चित्रे पाहण्याच्या प्रोग्रॅमलाही. प्रत्येक प्रोग्रॅमने या सूचना स्वतःच्या पोटात बाळगल्या, तर डिस्कवरची आणि मेमरीतली जागा एकाच मजकुराच्या असंख्य प्रतींनी भरून जाईल.

यावरचा उपाय अनेक गावांना जुन्या काळापासून माहीत आहे. लग्नकार्यात शंभर-दोनशे पानांचा स्वयंपाक करण्याएवढी पातेली, पराती आणि घंगाळी प्रत्येक घर विकत घेत नाही. ती देवस्थानाकडे किंवा गावकीकडे ठेवलेली असतात आणि ज्याच्या घरी कार्य असेल तो ती नावावर लिहून घेऊन जातो. डीएलएल, म्हणजेच ‘डायनॅमिक लिंक लायब्ररी’, ही संगणकातील गावकीची भांडी होत. वारंवार लागणाऱ्या सूचना एका सामायिक फाइलमध्ये ठेवलेल्या असतात आणि ज्या प्रोग्रॅमला त्या हव्या असतील तो चालू होताना ती फाइल मागून घेतो.

ही मागणी पूर्ण करण्याची पद्धत ठरलेली आहे. प्रत्येक प्रोग्रॅमच्या फाइलमध्ये त्याला कोणकोणत्या डीएलएल हव्यात आणि त्यांतली कोणती कामे हवीत, याची एक यादी असते, तर प्रत्येक डीएलएलमध्ये ती कोणती कामे करून देऊ शकते, याची दुसरी यादी असते. वापरणाऱ्याने प्रोग्रॅमवर टिचकी मारली की विंडोजमधला ‘लोडर’ नावाचा भाग पहिली यादी वाचतो, त्यातील डीएलएल ठरावीक फोल्डरांमध्ये ठरावीक क्रमाने शोधतो, त्या मेमरीत आणतो आणि दोन्ही याद्यांची सांगड घालून देतो. यादीतील एक जरी नाव सापडले नाही तरी लोडर तिथेच थांबतो आणि ‘फाइल सापडत नाही’ ही चौकट पडद्यावर येते.

या व्यवस्थेने होणारी बचत साध्या हिशेबातून दिसते. एखाद्या डीएलएलमधील सूचनांना २ मेगाबाइट जागा लागते आणि एका वेळी ४० प्रोग्रॅम ती वापरत आहेत, असे मानले, तर स्वतंत्र प्रतींसाठी ८० मेगाबाइट मेमरी खर्ची पडली असती; सामायिक पद्धतीत सूचनांची एकच प्रत मेमरीत ठेवून ती सर्वांना दाखवता येते आणि प्रत्येक प्रोग्रॅमची स्वतःची माहिती तेवढी वेगळी ठेवावी लागते. १९८५ साली विंडोजची पहिली आवृत्ती आली, तेव्हा संगणकातील मेमरी किलोबाइटमध्ये मोजली जात होती, त्यामुळे ही कल्पना विंडोजमध्ये आरंभापासूनच रुजली. आजच्या विंडोजमधील कर्नेल३२ ही डीएलएल फायली आणि मेमरी यांसंबंधीची कामे करून देते, यूझर३२ चौकटी आणि मेनू सांभाळते, तर जीडीआय३२ रेखाटनाचे काम पाहते.

२. सामायिक वस्तूची जोखीम

जी वस्तू अनेकांची असते, तिच्यात एकाने केलेला बदल सगळ्यांना भोगावा लागतो. विंडोज ९५ आणि ९८ यांच्या काळात नवा प्रोग्रॅम बसवताना तो स्वतःबरोबर आणलेली डीएलएल जुन्या फाइलच्या जागी बिनदिक्कत ठेवून देई, आणि ती आधीपेक्षा जुनी किंवा थोडी वेगळी असल्यास कालपर्यंत नीट चालणारे इतर प्रोग्रॅम अचानक बंद पडत. हा त्रास इतका सार्वत्रिक होता की तंत्रज्ञांमध्ये त्याला ‘डीएलएल हेल’ असे नाव पडले.

मायक्रोसॉफ्टने त्यावर टप्प्याटप्प्याने उपाय केले. विंडोज २००० मध्ये महत्त्वाच्या प्रणाली फायली कोणी बदलल्या तर त्या आपोआप मूळ प्रतीने बदलून टाकणारी राखण आली. विंडोज एक्सपीमध्ये एकाच डीएलएलच्या वेगवेगळ्या आवृत्त्या शेजारी-शेजारी नांदवण्याची सोय झाली. आणि विंडोज व्हिस्टापासून प्रणालीच्या फायलींची मालकीच ‘ट्रस्टेड इन्स्टॉलर’ या अंतर्गत खात्याकडे देण्यात आली, त्यामुळे व्यवस्थापकाच्या खात्यालाही त्या सहजासहजी बदलता येत नाहीत.

या इतिहासावरून हरवलेली डीएलएल इंटरनेटवरून उतरवून घेणे का धोक्याचे आहे, हेही कळते. अशा फाइलची आवृत्ती संगणकातील विंडोजशी जुळेल याची खात्री नसते आणि तिच्यात घातक सूचना मिसळल्या आहेत की नाहीत, हे बाहेरून कळत नाही. शिवाय ६४-बिट विंडोजमध्ये ‘सिस्टम३२’ या फोल्डरात ६४-बिट फायली, तर ‘सिसवाव६४’ या फोल्डरात ३२-बिट फायली असतात. नावांवरून नेमका उलटा समज होत असल्यामुळे चुकीची फाइल चुकीच्या जागी पडते आणि एका इशाऱ्याच्या जागी दुसरा इशारा येतो. प्रणालीची स्वतःची डीएलएल बिघडली असेल तर ‘सिस्टम फाइल चेकर’ हे विंडोजमधलेच साधन प्रत्येक संरक्षित फाइल तपासून तिची मूळ प्रत परत बसवते. डीएलएल एखाद्या बाहेरच्या प्रोग्रॅमची असेल तर तो प्रोग्रॅमच नव्याने बसवणे हा सरळ मार्ग होय.

३. बटण दाबल्यापासून विंडोज येईपर्यंत

डीएलएल शोधून देणारा लोडर हा विंडोजचा भाग आहे. मग विंडोज मेमरीत येण्यापूर्वी काय घडते, हा पुढचा प्रश्न. बटण दाबल्यावर प्रोसेसरला डिस्क, फोल्डर किंवा फाइल यांची काहीही ओळख नसते. तो मदरबोर्डवरील चिपमध्ये साठवलेल्या सूचना पाळू लागतो. या सूचनासंचाला फर्मवेअर म्हणतात.

जुन्या संगणकांतील फर्मवेअरचे नाव बायॉस. १९८१ च्या आयबीएम पीसीपासून चालत आलेली ही पद्धत मेमरी आणि कीबोर्ड यांची प्राथमिक तपासणी करून डिस्कवरचा अगदी पहिला तुकडा वाचते. हा तुकडा केवळ ५१२ बाइटचा असतो. त्यातील ४४६ बाइट सूचनांसाठी, ६४ बाइट डिस्कच्या चार विभागांच्या नोंदीसाठी आणि उरलेले २ बाइट ‘हा तुकडा सुरुवातीचाच आहे’ या खुणेसाठी राखलेले असतात. ४४६ बाइटमध्ये मावणाऱ्या सूचना फार काही करू शकत नसल्यामुळे त्या फक्त पुढच्या, थोड्या मोठ्या प्रोग्रॅमचा तुकडा शोधून त्याच्या हाती कारभार देतात.

नव्या संगणकांत बायॉसची जागा यूईएफआय या फर्मवेअरने घेतली आहे. त्याला डिस्कवरील एका लहान खास विभागातील फायली नावाने वाचता येतात, त्यामुळे ५१२ बाइटच्या तुकड्याची गरज उरत नाही. कोणती फाइल आधी उघडायची, याची नोंद मदरबोर्डवरील कायमस्वरूपी मेमरीत असते.

दोन्ही मार्ग पुढे एकाच ठिकाणी येऊन मिळतात, आणि ते ठिकाण म्हणजे ‘विंडोज बूट मॅनेजर’ हा प्रोग्रॅम. संगणकात कोणत्या ऑपरेटिंग सिस्टीम आहेत, त्यांपैकी कोणती सुरू करायची, वापरणाऱ्याला निवड करण्यासाठी किती वेळ द्यायचा, हे तो ठरवतो आणि मग ‘विनलोड’ नावाच्या पुढच्या प्रोग्रॅमला पाचारण करतो. विनलोड विंडोजचा गाभा, म्हणजे कर्नेल, आणि डिस्कसारख्या अत्यावश्यक भागांचे ड्रायव्हर मेमरीत आणतो. इथपासून पुढे खऱ्या अर्थाने विंडोज सुरू होते.

या साखळीत बूट मॅनेजर चालू असतो तेव्हा विंडोजचा नेहमीचा लोडर अस्तित्वातच आलेला नसतो. त्यामुळे बूट मॅनेजरला इतर प्रोग्रॅमप्रमाणे सामायिक डीएलएल मागवता येत नाहीत आणि लागेल ते सारे त्याला स्वतःजवळच ठेवावे लागते.

४. जुनी पद्धत: मजकुराची एक छोटी फाइल

बूट मॅनेजर निर्णय घेतो तो कशाच्या आधारे? विंडोज एनटीपासून विंडोज एक्सपीपर्यंत हा आधार ‘बूट.आयएनआय’ नावाची साधी मजकूर फाइल हा होता आणि ती वाचण्याचे काम एनटीएलडीआर हा प्रोग्रॅम करत असे. या फाइलचे दोन भाग असत. पहिल्या भागात किती सेकंद थांबायचे आणि काहीच निवडले नाही तर कोणती प्रणाली सुरू करायची, हे लिहिलेले असे. दुसऱ्या भागात उपलब्ध प्रणालींची यादी आणि प्रत्येकीचा पत्ता असे. हा पत्ता डिस्कचा क्रमांक आणि विभागाचा क्रमांक अशा स्वरूपात दिला जाई. त्यात डिस्कची मोजणी शून्यापासून आणि विभागाची मोजणी एकपासून होत असल्याने हाताने बदल करणाऱ्यांचा हमखास गोंधळ उडत असे.

या गोंधळाचा परिणाम पाहण्याजोगा आहे. एखाद्याने डिस्कवर नवा विभाग तयार केल्यामुळे विंडोजचा विभाग पहिल्याऐवजी दुसरा झाला, पण बूट.आयएनआयमध्ये ‘विभाग १’ हीच नोंद राहिली, अशी स्थिती मानली तर एनटीएलडीआर पहिल्या विभागात विंडोजच्या फायली शोधू लागतो. तिथे हॅल.डीएलएल, म्हणजे यंत्रभागांमधील फरक झाकून कर्नेलला एकसारखे रूप दाखवणारी फाइल, त्याला मिळत नाही, आणि पडद्यावर संदेश येतो की हॅल.डीएलएल गहाळ आहे किंवा बिघडली आहे. वास्तविक ती फाइल दुसऱ्या विभागात सुस्थितीत असते आणि चुकलेला असतो तो पत्ता. एक्सपीच्या काळात हा संदेश पाहून अनेकांनी हॅल.डीएलएलच्या प्रती आणून बसवल्या आणि त्यांचा काहीही उपयोग झाला नाही, कारण दुरुस्ती बूट.आयएनआयमध्ये एका अंकाची करायची होती. संदेश ज्या फाइलचे नाव घेतो ती फाइल शोधणाऱ्याला मिळाली नाही, एवढेच त्यातून सिद्ध होते.

५. नवी पद्धत: बीसीडी हे भांडार

२००६ च्या अखेरीस व्यावसायिक ग्राहकांसाठी आणि जानेवारी २००७ मध्ये सर्वांसाठी आलेल्या विंडोज व्हिस्टाने बूट.आयएनआय निवृत्त केली आणि तिच्या जागी ‘बूट कॉन्फिगरेशन डेटा’, म्हणजेच बीसीडी, हे भांडार आणले. त्यामागे दोन ठळक कारणे होती. बूट.आयएनआयची रचना बायॉसच्या जगात झाली होती, तर यूईएफआयच्या पूर्वावताराचे संगणक आपल्या नोंदी मदरबोर्डवरील मेमरीत ठेवत, त्यामुळे दोन्हींसाठी चालेल अशी एकच पद्धत हवी होती. शिवाय साधी मजकूर फाइल कोणत्याही संपादकात उघडून बदलता येत असल्याने ती चुकांना आणि घातक प्रोग्रॅमना सारखीच खुली होती.

बीसीडी ही एकच फाइल असून तिची अंतर्गत मांडणी विंडोजच्या रजिस्ट्रीसारखी असते. बायॉसच्या संगणकात ती सक्रिय विभागातील ‘बूट’ फोल्डरात, तर यूईएफआयच्या संगणकात फर्मवेअरसाठी राखलेल्या विभागात मायक्रोसॉफ्टच्या फोल्डरात असते. दोन्ही विभाग सहसा दृष्टीआड ठेवलेले असल्यामुळे नेहमीच्या वापरात ही फाइल नजरेस पडत नाही.

भांडाराची रचना तीन पायऱ्यांची आहे. सर्वांत वर संपूर्ण भांडार. त्यात अनेक ‘ऑब्जेक्ट’, म्हणजे स्वतंत्र नोंदी. आणि प्रत्येक नोंदीत अनेक ‘एलिमेंट’, म्हणजे घटक. बूट मॅनेजरची एक नोंद असते, प्रत्येक स्थापित विंडोजची एक, झोपी गेलेले सत्र परत उठवणाऱ्या प्रोग्रॅमची एक आणि मेमरी तपासणाऱ्या साधनाची एक. प्रत्येक नोंदीला १२८ बिटांचा ओळखक्रमांक असतो. बूट मॅनेजरसारख्या ठरावीक नोंदींचा क्रमांक सर्व संगणकांवर एकच असतो आणि लक्षात ठेवण्याच्या सोयीसाठी त्यांना ‘बूटएमजीआर’सारखी टोपणनावेही आहेत; ‘करंट’ आणि ‘डिफॉल्ट’ ही टोपणनावे मात्र संगणकागणिक वेगळ्या नोंदींकडे बोट दाखवतात.

घटकही क्रमांकांनीच ओळखले जातात. उदाहरणार्थ, निवडीसाठी थांबण्याच्या वेळेचा घटक आत ‘२५०००००४’ या आठ अंकी षोडशमान क्रमांकाने साठवलेला असतो आणि साधने तो ‘टाइमआउट’ या नावाने दाखवतात. प्रत्येक घटकात कोणत्या प्रकारची माहिती बसेल, हेही ठरलेले आहे: वेळेच्या घटकात पूर्णांक, वर्णनाच्या घटकात मजकूर, चालू-बंद स्वरूपाच्या घटकात फक्त हो किंवा नाही. मजकूर फाइलमध्ये वेळेच्या जागी चुकून अक्षरे लिहिणे शक्य होते, तर बीसीडीत ती चूक मुळातच अडवली जाते.

६. भांडारापर्यंत पोहोचवणाऱ्या डीएलएल

हे भांडार मजकूर संपादकात उघडता येत नाही, म्हणून त्यात बदल करायचा तर मध्यस्थ लागतो. प्रकरणाच्या आरंभी उल्लेखलेल्या डीएलएल हे मध्यस्थ आहेत.

यांपैकी बीसीडीप्रोव्ह.डीएलएल ही ‘डब्ल्यूएमआय प्रोव्हायडर’ म्हणून काम करते. डब्ल्यूएमआय ही विंडोजच्या व्यवस्थापनाची सामायिक यंत्रणा असून तिच्यामार्फत एखादा प्रोग्रॅम संगणकाच्या निरनिराळ्या भागांची माहिती एकाच पद्धतीने विचारू शकतो. त्या त्या भागाच्या वतीने उत्तर देणाऱ्या डीएलएलला प्रोव्हायडर म्हणतात. बीसीडीप्रोव्ह बीसीडीच्या वतीने उत्तर देते आणि भांडार, नोंद व घटक या तिन्ही पायऱ्या प्रोग्रॅमकाराला हाताळण्याजोग्या रूपात पुरवते. बीसीडीएसआरव्ही.डीएलएल ही ‘कॉम सर्व्हर’ आहे. कॉम ही वेगवेगळ्या भाषांत लिहिलेल्या प्रोग्रॅमना एकमेकांच्या सेवा घेऊ देणारी मायक्रोसॉफ्टची पद्धत असून तिच्यातून बीसीडीच्या सेवा मागणाऱ्यांना ही डीएलएल उत्तर देते.

या मध्यस्थांची गरज अनेक संगणक सांभाळणाऱ्याला विशेष भासते. एखाद्या महाविद्यालयाच्या प्रयोगशाळेत ६० संगणक आहेत, प्रत्येकावर विंडोजच्या दोन आवृत्त्या आहेत आणि परीक्षेच्या आठवड्यात सगळ्यांनी जुनीच आवृत्ती आपोआप सुरू करावी, अशी गरज आहे, असे मानू. व्यवस्थापकाने प्रत्येक संगणकापुढे बसून बदल करण्याऐवजी एक छोटी आज्ञामालिका लिहिली, तर ती नेटवर्कवरून प्रत्येक संगणकाच्या डब्ल्यूएमआयला विनंती करते, तिथली बीसीडीप्रोव्ह त्या संगणकाचे भांडार उघडते, अधिकार तपासून ‘डिफॉल्ट’ हा घटक बदलते आणि निकाल कळवते.

एकट्या संगणकासाठी विंडोजने दोन सोपी साधने दिली आहेत. ‘सिस्टीम कॉन्फिगरेशन’ या खिडकीतील बूट या पानावर थांबण्याचा वेळ आणि सेफ मोड यांसारखे मोजके पर्याय मिळतात, तर आज्ञा लिहून चालवायचे बीसीडीएडिट हे साधन जवळजवळ सर्व घटकांपर्यंत पोहोचते. निवडीची वेळ नेहमीच्या ३० सेकंदांवरून १० वर आणायची असेल तर व्यवस्थापकाच्या अधिकाराने उघडलेल्या खिडकीत बीसीडीएडिटला टाइमआउट हा शब्द आणि १० हा आकडा देणे पुरते. त्या क्षणी भांडारातील बूट मॅनेजरच्या नोंदीतील एक आकडा बदलतो आणि चालू असलेल्या विंडोजवर त्याचा काहीही परिणाम होत नाही. पुढच्या सुरुवातीला बूट मॅनेजर तो आकडा वाचतो तेव्हाच बदल दिसतो.

बीसीडीप्रोव्ह.डीएलएल बिघडली तर संगणक सुरू होणार नाही, असे नावावरून वाटते. प्रत्यक्षात बूट मॅनेजर तिची मदत घेतच नाही, त्यामुळे संगणक नेहमीप्रमाणे उठतो आणि अडते ते फक्त तिच्यामार्फत होणारे बदलांचे काम. याउलट बीसीडी हे भांडार खराब झाले तर सिस्टम३२ मधील प्रत्येक डीएलएल धडधाकट असूनही विंडोज सुरू होत नाही.

७. बिघाड कोठे आहे हे कसे ओळखावे?

इशारा सुरुवातीच्या कोणत्या टप्प्यावर आला, हा बिघाड शोधताना विचारायचा पहिला प्रश्न होय. विंडोजचे बोधचिन्ह दिसण्याआधीच थेट बीसीडीचा उल्लेख असलेला संदेश आला तर संशय भांडारावर जातो. ‘बूटएमजीआर मिसिंग’ असा संदेश आला तर बूट मॅनेजरची फाइलच फर्मवेअरला किंवा पहिल्या तुकड्याला मिळालेली नसते. अनेकदा त्याचे कारण विंडोज नसलेली दुसरी डिस्क आधी वाचली जाणे एवढेच असते. विंडोज पूर्ण सुरू होऊन एखादा प्रोग्रॅम उघडताना डीएलएलचे नाव आले तर सुरुवातीच्या मांडणीचा त्याच्याशी संबंध नसतो.

दुरुस्तीची साधनेही या तीन टप्प्यांप्रमाणे वेगळी आहेत. डीएलएलसाठी सिस्टम फाइल चेकर, पहिल्या तुकड्यासाठी आणि भांडाराच्या पुनर्रचनेसाठी ‘बूटरेक’, आणि विंडोजच्या फोल्डरातून बूटच्या फायली पुन्हा नकलून नवे भांडार घडवण्यासाठी ‘बीसीडीबूट’. विंडोज सुरूच होत नसेल तर ही साधने चालवायची कुठून, या अडचणीचे उत्तर ‘रिकव्हरी एन्व्हायर्नमेंट’ हे आहे. ते एक लहान, स्वयंपूर्ण विंडोज असून स्वतःच्या डीएलएलसह मेमरीतच चालते, त्यामुळे डिस्कवरील बिघडलेल्या विंडोजवर त्याला अवलंबून राहावे लागत नाही.

काही वेळा भांडार शाबूत असते, पण त्यातील सूचनाच अडचणीची ठरते. सिस्टीम कॉन्फिगरेशनमधून ‘सेफ बूट’ निवडल्यावर बीसीडीत तसा घटक लिहिला जातो आणि तो काढेपर्यंत प्रत्येक वेळी संगणक सेफ मोडमध्येच, म्हणजे अत्यावश्यक ड्रायव्हर तेवढे घेऊन, सुरू होतो. सेफ मोडमध्ये प्रवेश करता आला नाही तर कितीही वेळा वीज बंद-चालू करून उपयोग होत नाही, कारण सूचना डिस्कवर लिहिलेली असते. रिकव्हरीमधून बीसीडीएडिटने तो घटक काढल्यावरच संगणक नेहमीच्या वाटेला लागतो.

विंडोज ८ पासून आलेल्या ‘फास्ट स्टार्टअप’मुळे आणखी एक बारकावा उद्भवला आहे. या सोयीत ‘शट डाउन’ करताना कर्नेलची स्थिती डिस्कवर जपून ठेवली जाते आणि पुढच्या वेळी ती तशीच परत आणली जाते. त्यामुळे सुरुवातीच्या मांडणीतील बदल तपासायचा असेल तेव्हा ‘रीस्टार्ट’ निवडणे इष्ट ठरते.

८. सुरुवातीची राखण

जो विंडोजच्या आधी चालतो, त्याला विंडोजमधील कोणतीही सुरक्षा यंत्रणा अडवू शकत नाही. म्हणून हल्लेखोरांचे लक्ष संगणकाच्या सुरुवातीकडे असते. त्यावरचा प्रमुख उपाय म्हणजे यूईएफआयमधील ‘सिक्युअर बूट’. त्यात फर्मवेअर बूट मॅनेजरवरील डिजिटल सही तपासते आणि सही विश्वासार्ह नसेल तर त्याला चालूच देत नाही. हा उपाय विंडोज ८ पासून प्रचारात आला. सिक्युअर बूट चालू असताना सह्यांची तपासणी सैल करणारे काही घटक बीसीडीएडिटलाही बदलू दिले जात नाहीत.

तरीही सही असलेल्या प्रोग्रॅममध्येच दोष असू शकतो. ठरावीक पत्त्यापुढची मेमरी वापरू नये, असे सांगणारा एक घटक बीसीडीत आहे. त्याचा विशिष्ट रीतीने वापर केल्यास सिक्युअर बूटचे धोरणच मेमरीतून वगळले जाते, असा दोष उघड झाला आणि जानेवारी २०२२ मध्ये मायक्रोसॉफ्टने तो दुरुस्त केला. मार्च २०२३ मध्ये इसेट या सुरक्षा कंपनीने ‘ब्लॅकलोटस’ या घातक प्रोग्रॅमचे विश्लेषण प्रसिद्ध केले, तेव्हा तो दुरुस्तीपूर्वीचे, पण सही असलेले जुने बूट प्रोग्रॅम स्वतःबरोबर आणून हाच दोष वापरत असल्याचे दिसून आले.

१९ जुलै २०२४ रोजी जगाला या विषयाची वेगळी बाजू दिसली. क्राउडस्ट्राइक या कंपनीच्या सुरक्षा प्रोग्रॅमला मिळालेल्या एका सदोष अद्ययावत फाइलमुळे, मायक्रोसॉफ्टच्या अंदाजानुसार, सुमारे ८५ लाख विंडोज संगणक कोसळले आणि पुन्हा सुरू होताना परत परत कोसळत राहिले. भारतातील काही विमानतळांवर प्रवाशांना हाताने लिहिलेले बोर्डिंग पास द्यावे लागले. डीएलएल, बीसीडी आणि बूट मॅनेजर ही तिन्ही त्या वेळी निर्दोष होती. दोष सुरुवातीलाच लोड होणाऱ्या एका ड्रायव्हरने वाचलेल्या माहितीत होता. सेफ मोडमध्ये तो ड्रायव्हर येत नसल्यामुळे तिथून ती फाइल पुसणे हा उपाय ठरला. ज्या संगणकांची डिस्क ‘बिटलॉकर’ या विंडोजच्याच सोयीने कुलूपबंद होती, तिथे आधी ४८ अंकी पुनर्प्राप्ती क्रमांक शोधावा लागल्याने काम लांबले. बीसीडीतील काही घटक बदलल्यावरही बिटलॉकर हा क्रमांक मागतो, कारण सुरुवातीची मांडणी परस्पर बदलली गेली असावी, असा संशय त्याला घेता यावा अशीच त्याची रचना आहे.

सावध वापरणाऱ्याने करायच्या गोष्टी यातून आपोआप ठरतात. सुरुवातीच्या मांडणीत हात घालण्यापूर्वी बीसीडीएडिटच्या ‘एक्स्पोर्ट’ या सोयीने भांडाराची प्रत दुसऱ्या डिस्कवर काढून ठेवावी, बिटलॉकर असल्यास त्याचा ४८ अंकी क्रमांक संगणकाबाहेर लिहून ठेवावा आणि रिकव्हरी चालवता येईल असा यूएसबी ड्राइव्ह हाताशी ठेवावा. हे सारे संगणक नीट चालत असतानाच उरकावे लागते, कारण प्रत काढायची तर मूळ भांडार शाबूत असावे लागते आणि बिघडलेल्या भांडारातून काढलेली प्रत तोच बिघाड परत घेऊन येते.